कात्री कोणाच्या हातात होती?

प्रश्न : ताई, मी चित्रपट संकलनाच्या दुसऱ्या वर्षाला आहे. आमच्या वर्गात टिंटो ब्रास या इटालियन दिग्दर्शकाचा विषय निघाला. सर म्हणाले, साठच्या दशकात हा मोठा प्रयोगशील माणूस होता, मग पैशासाठी घसरला आणि कामुक सिनेमे काढत बसला. मी त्याचा ‘ला कियावे’, नव्वदच्या दशकातला एक आणि ‘कॅलिग्युला’ पाहिला. मला प्रयोग कुठे दिसलाच नाही. हा खरंच एकच माणूस आहे का? तो नेमका कधी बदलला आणि का? – एक विद्यार्थिनी

उत्तर : तुझं पत्र दोनदा वाचलं. सरांनी सांगितलेली गोष्ट सुटसुटीत आहे, पटकन लक्षात राहते, म्हणून ती वर्षानुवर्षं सांगितली जाते. मीही ती अशीच ऐकली होती. पण ब्रासचे सुरुवातीचे चित्रपट लागोपाठ पाहिले आणि तेव्हापासून ती मला पटेनाशी झाली. तू संकलन शिकते आहेस, तेव्हा तुला संकलनाच्या टेबलावरूनच सांगते.

आधी माणूस. जन्म १९३३चा, मिलानमधला; घराणं मात्र व्हेनिसचं. आजोबा इटालिको ब्रास नावाजलेले चित्रकार. नातवाचं नाव जोव्हान्नी, पण आजोबांनी व्हेनिसच्या थोर चित्रकाराच्या नावावरून त्याला तिंतोरेत्तो म्हणायला सुरुवात केली आणि त्याचंच टिंटो झालं. पोराने पादुआला कायद्याची पदवी घेतली नि सरळ पॅरिस गाठलं. तिथे आंरी लांग्लुआच्या सिनेमातेक फ्रान्सेजमध्ये, म्हणजे चित्रपटांच्या संग्रहालयात, तो कामाला राहिला. लांग्लुआ म्हणजे नाझींच्या ताब्यातल्या पॅरिसमध्ये रिळं लपवून वाचवणारा माणूस. त्याच्या हाताखाली दिवस काढायचे म्हणजे सिनेमा हाताळायचा, रीळ उलगडायचं, कुठे फाटलंय ते बोटांनी चाचपायचं. पुढे ब्रासने योरिस इव्हेन्स आणि रोसेलिनीकडे सहायकी केली. पण माझ्या मते त्याचं खरं शिक्षण त्या रिळांमध्येच झालं. दिग्दर्शक होण्याआधी तो मनाने संकलक झाला होता. पुढचं सगळं समजायला ही एक गोष्ट धरून ठेव.

१९६३ साली पहिला चित्रपट आला. त्याचं मूळ नाव होतं ‘इन कापो अल मोंदो’, जगाच्या टोकाला. सेन्सॉरने अडवलं, आणि शेवटी तो प्रदर्शित झाला ‘कि लावोरा ए पेर्दुतो’ या नावाने. इटालियनमध्ये एक म्हण आहे, ‘कि सि फेर्मा ए पेर्दुतो’. आपल्याकडे ती जशीच्या तशी आहे: थांबला तो संपला. मुसोलिनीच्या राजवटीत ती घोषवाक्यासारखी वापरली गेली. ब्रासने त्यातला एकच शब्द बदलला. राबला तो संपला! ज्या देशात तेव्हा कारखाने धडाधड उभे राहत होते, नोकरी लागली की घरात दिवाळी होत होती, तिथे हे नाव पोस्टरवर लावायला छाती लागते.

गोष्ट म्हणशील तर एवढीशी. बोनिफाचो नावाचा तरुण, ड्राफ्ट्समन. नोकरी चालून आली आहे, ती घ्यायची की नाही हे ठरत नाही आणि तो व्हेनिसमध्ये दिवसभर भटकतो. पोस्टकार्डावरचं व्हेनिस हे नव्हे. चालताना त्याच्या डोक्यात जे चाललंय ते आपल्याला ऐकू येतं, आणि पडदा त्या विचारांच्या मागे धावतो. आज, काल, बालपण, युद्ध, वेडाच्या दवाखान्यात पोचलेला मित्र, तुटलेलं प्रेम, त्या प्रेमातून झालेला गर्भपात. इटलीत गर्भपात १९७८पर्यंत गुन्हा होता, हे ध्यानात ठेवून ते प्रसंग बघ. एका कटमध्ये तो पुलावर आहे, दुसऱ्यात दहा वर्षं मागे, आणि मध्ये डिझॉल्व्ह, म्हणजे एक दृश्य विरत दुसरं उमटणं, वगैरे काही नाही. मला या चित्रपटात काय आवडतं सांगू? कट कुठेही चतुराई दाखवायला आलेला नाही. माणसाचं मन असंच उड्या मारतं, म्हणून तो आलाय.

पुढच्याच वर्षीचा ‘सा इरा’ तर सगळाच जुन्या बातमीपटांमधून जोडलेला, विसाव्या शतकातल्या क्रांत्यांवरचा. लांग्लुआकडच्या दिवसांची शिदोरी इथे कामी आली.

आता तुझ्या ‘कधी बदलला’कडे येते. १९६९चा ‘नेरोसुबियांको’ मिळव आणि बघ. नावाचा अर्थ पांढऱ्यावर काळं. लंडनमध्ये नवरा बायकोला हाइड पार्कपाशी सोडून कामाला जातो. बार्बरा एकटी फिरते, एक कृष्णवर्णीय माणूस तिच्या मागे मागे आहे, आणि दिवसभरात तिच्या मनात जे जे येतं ते पडद्यावर येतं. मध्येच फ्रीडम नावाचा रॉक बँड झाडाखाली, रस्त्यात उभा राहून गाऊ लागतो, जणू आपल्याकडच्या तमाशातला शाहीरच मधूनमधून कथा पुढे नेतोय. जाहिराती, कॉमिक्सची चित्रं, बातमीपटांचे तुकडे बार्बराच्या नजरेत घुसतात. आणि तिच्या मनात काय असतं? इच्छा. देह. नवऱ्याला न सांगितलेलं सगळं.

म्हणजे हा ब्रासचा सर्वांत प्रयोगशील चित्रपट, आणि त्याचा विषय बाईची कामेच्छा! ‘आधी प्रयोग, मग कामुकता’ ही रेघ इथेच पुसली जाते. दोन्ही एकाच ताटात वाढलेलं होतं. मग १९७१चा ‘ला वाकांझा’. व्हेनेसा रेडग्रेव्ह एका शेतकरी बाईच्या भूमिकेत. वेड्यांच्या इस्पितळातून तिला महिनाभराची ‘सुट्टी’ मिळते आणि बाहेरचं शहाणं जग तिला नको नको करतं. व्हेनिसच्या महोत्सवात त्याला उत्कृष्ट इटालियन चित्रपटाचा पासिनेत्ती पुरस्कार मिळाला. इटलीत अशी इस्पितळं बंद करण्याचा कायदा त्यानंतर ७ वर्षांनी झाला. म्हणजे डोळे उघडे असलेला माणूस होता. पण पुरस्काराने पोट भरत नाही.

नंतर १९७६चा ‘सालोन किट्टी’. बर्लिनमधला एक कुंटणखाना, तिथे नाझींच्या गुप्तचर खात्याने भिंतींमध्ये मायक्रोफोन बसवले होते. घटना खरी. बाँडपटांचे भव्य सेट उभारणाऱ्या केन अॅडमने याचेही सेट केले. कुठल्याही हुकूमशहाला माणसाच्या बिछान्यापर्यंत पोचायचं असतं, हा विचार या चित्रपटात आहे, पण त्याच्यावर इतकं मखमल आणि इतका झगमगाट चढला आहे की तो मध्ये मध्ये गुदमरतो. मला हा चित्रपट अर्धाच आवडतो.

आणि मग ‘कॅलिग्युला’. तू तो पाहिलास आणि त्यावरून ब्रासला मापलंस, म्हणून इथे जरा थांबते.

‘पेंटहाउस’ मासिकाचा मालक बॉब गुचोने याचा पैसा, गोर व्हिदालची पटकथा, माल्कम मॅकडॉवेल, हेलन मिरेन, पीटर ओटूल, जॉन गिलगुड. १९७६मध्ये रोममध्ये चित्रीकरण झालं. व्हिदालचं आणि ब्रासचं फाटलं. मग ब्रास संकलनाला बसला आणि गुचोनेने त्याला बाजूला केलं. एवढ्यावर थांबला नाही. मागाहून स्वतः वेगळे, उघडेवाघडे संभोगप्रसंग चित्रित करवून त्याने ते मध्ये घुसवले. १९७९ साली चित्रपट आला तेव्हा ब्रासच्या नावापुढे ‘दिग्दर्शन’ नव्हतं, ‘मुख्य छायाचित्रण’ एवढंच होतं. संकलकाच्या नावाच्या जागी चक्क ‘निर्मितिसंस्था’! मी ती श्रेयनामावली थांबवून थांबवून वाचली आहे. एवढ्या मोठ्या चित्रपटाला संकलकच नाही.

याची तळमळ तुला नुसतं वाचून कळेल की नाही माहीत नाही, म्हणून माझ्यावर गुदरलेलं सांगते. फार वर्षांपूर्वी मी कापलेला एक चित्रपट निर्मात्याने माझ्या नकळत दुसऱ्याकडून पुन्हा कापून घेतला. मला ते थिएटरच्या अंधारात कळलं. एक म्हातारी दार उघडते आणि बाहेर कोणी नसतं, असा प्रसंग होता. मी तिच्या चेहऱ्यावर ६ सेकंद थांबले होते. १४४ फ्रेम्स. स्टीनबेकवर, म्हणजे रीळ कापण्या-जोडण्याच्या टेबलावर, पुढे-मागे करून, पांढऱ्या पेन्सिलीने खूण करून, पुसून, पुन्हा करून त्या १४४ ठरल्या होत्या, कारण १४० व्या फ्रेमच्या आसपास तिची हनुवटी किंचित हलत होती. पडद्यावर ती म्हातारी दीड सेकंदात निघून गेली आणि वर व्हायोलिन. शॉट तोच, अभिनेत्री तीच, प्रकाश तोच. पण बाई दुसरीच झाली होती. त्या रात्री मी जेवले नाही. आजही ती हनुवटी डोळ्यांसमोर येते. जी कोणी पाहिली नाही.

हे एका शॉटचं झालं. ब्रासचा अख्खा चित्रपट गेला. तोही अशा माणसाचा, ज्याचा सिनेमा टेबलावरच जन्माला यायचा. एकाच वेळी अनेक कॅमेरे लावून भरपूर चित्रित करायचं आणि नंतर त्यातून सिनेमा शोधून काढायचा, ही त्याची पद्धत. अशा दिग्दर्शकाचे रशेस, म्हणजे न कापलेलं कच्चं चित्रीकरण, काढून घेणं म्हणजे शिल्पकाराकडून निम्मा कोरलेला दगड ओढून नेणं. २०२३ साली कान महोत्सवात याच चित्रपटाची नवी आवृत्ती दाखवली, ९० तासांहून अधिक मूळ चित्रीकरणातून जोडलेली. तेव्हाही टेबलावर ब्रास नव्हता, आणि तिलाही त्याने आपली म्हटलं नाही. बरोबरच केलं असं मी म्हणेन.

तेव्हा ‘कॅलिग्युला’वरून त्याला पारखू नकोस. पण त्यानंतर त्याने काय केलं ते पाहा. तेव्हा इटलीतली थिएटरं ओस पडत होती. १९७६मध्ये तिथल्या घटनात्मक न्यायालयाने स्थानिक खासगी वाहिन्यांना वाट मोकळी करून दिली आणि लोक घरी बसून सिनेमे पाहू लागले. १९५५ साली त्या देशात ८० कोटींहून जास्त तिकिटं खपली होती. ऐंशीच्या दशकाच्या मध्याला तो आकडा १५ कोटींच्याही खाली आला. ‘ला वाकांझा’सारख्या चित्रपटाला पैसा कोण घालणार? १९८०मध्ये त्याने ‘अॅक्शन’ हा विस्कटलेला, संतापलेला चित्रपट काढून पाहिला, त्याचं कुठे काही झालं नाही. आणि मग १९८३मध्ये ‘ला कियावे’. चावी. तो धो धो चालला.

माझं म्हणणं एवढंच आहे : ब्रास तिथे पैशामागे गेला असेल, नाही म्हणत नाही, पण त्याने त्या पैशात स्वतःची कात्री विकत घेतली. पुढच्या चित्रपटांवर संकलक म्हणून त्याचंच नाव येतं. त्या काळात कमी खर्चात बनणारा, हमखास चालणारा आणि दिग्दर्शकाला टेबलावर मोकळं सोडणारा सिनेमा हा एवढाच उरला होता. आणखी एक. ‘नेरोसुबियांको’, ‘ला वाकांझा’, ‘सालोन किट्टी’, ‘कॅलिग्युला’, ‘ला कियावे’ या सगळ्यांचा छायाचित्रकार एकच, सिल्व्हानो इप्पोलिती. ब्रासची पत्नी कार्ला चिप्रियानी, व्हेनिसच्या हॅरीज बारच्या संस्थापकाची मुलगी, ‘टिंटा’ म्हणून ओळखली जायची. तीही पटकथांपासून सोबत होती. माणसं तीच, डोळा तोच. मग ‘बदलला’ म्हणताना आपण नेमकं काय म्हणतो?

बदललं ते हे. साठच्या दशकातला त्याचा कट प्रश्न विचारायचा. नव्वदच्या दशकातला कट फक्त दाखवतो. तू पाहिलेल्या त्या नव्वदच्या चित्रपटात तुला प्रयोग दिसला नाही हे बरोबर आहे. तो तिथे नाहीच. कात्री परत मिळाली, पण कापायला कापड तेच तेच आणलं गेलं. मला याचं वाईट वाटतं. संताप नाही, वाईट वाटतं.

प्रश्न : तुमच्या सदरात मागे पासोलिनी आणि बेर्तोलुची या इटालियन दिग्दर्शकांबद्दल फार आदराने लिहिलं होतं. त्यांनीही पडद्यावर नग्नता दाखवलीच. त्यांना कलावंत म्हणायचं आणि ब्रासला नाही, हा दुजाभाव नाही का? – एक ज्येष्ठ वाचक

उत्तर : काका, दुजाभाव थोडा आहे, हे मान्य करते. बेर्तोलुचीच्या ‘लास्ट टँगो इन पॅरिस’च्या प्रती नष्ट करण्याचा हुकूम इटलीच्या सर्वोच्च न्यायालयाने १९७६मध्ये दिला, त्याचा मतदानाचा हक्क ५ वर्षं काढून घेतला. त्यामुळे तो हुतात्मा ठरला, आणि हुतात्म्याकडे आपण वेगळ्या नजरेने पाहतो. पण त्याच चित्रपटात त्या तरुण अभिनेत्रीला पूर्ण कल्पना न देता एक प्रसंग चित्रित केला गेला, हेही आता सर्वांना ठाऊक आहे. मी तेव्हा आदराने लिहिलं त्यात ही गोष्ट यायला हवी होती. ती राहिली, ती चूक माझी.

पासोलिनीचं मात्र वेगळं आहे. त्याने सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला जुन्या कथांवर तीन चित्रपट केले, देहाचा उत्सव म्हणावेत असे. आणि १९७५मध्ये लेख लिहून ते तिन्ही नाकारले. का? तर ज्या देहाला तो बाजाराबाहेरचं शेवटचं निरागस स्थळ समजत होता, तो देह बाजाराने गिळला, असं त्याला दिसलं. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये त्याचा खून झाला.

आता तारखा शेजारी शेजारी ठेवून पाहा. १९७५मध्ये एक माणूस म्हणतो, या वाटेने आता जाता येणार नाही. १९७६मध्ये दुसरा ‘सालोन किट्टी’ घेऊन त्याच वाटेला लागतो. ब्रासचा विश्वास होता की देहाचा आनंद ही सत्तेविरुद्धची शेवटची उरलेली जागा आहे. तो विश्वास खरा होता, ढोंग नव्हतं. म्हणून तर ‘ला कियावे’ १९४०च्या फासिस्ट व्हेनिसमध्ये घडतो आणि १९९१चा ‘पाप्रिका’ १९५८मध्ये, सिनेटर लीना मेर्लिन यांच्या कायद्याने सरकारमान्य वेश्यागृहं बंद होण्याच्या सुमारास. पण बाजाराबद्दल पासोलिनीला जे दिसलं ते ब्रासने पाहायचं नाकारलं. माझ्या मनात दोघांची उंची वेगळी आहे ती यामुळे. नग्नता किती दाखवली यामुळे नाही.

प्रश्न : ताई, मी ‘ला कियावे’ नवऱ्यासोबत पाहिला. त्याला तो बायकोच्या मुक्तीचा वाटला, मला मध्येच गुदमरल्यासारखं झालं. आमचं भांडण झालं नाही, पण चर्चा अर्धवट राहिली. यातली बाई खरंच स्वतःच्या इच्छेने वागते का? – एक वाचक मैत्रीण

उत्तर : तुम्ही दोघंही बरोबर आहात, आणि हे मी समजूत घालायला म्हणत नाही. या चित्रपटातच ती फट आहे.

मूळ कादंबरी जपानी लेखक तानिझाकी याची, १९५६ची. नवरा डायरी लिहितो, बायकोही लिहिते, आणि दोघंही एकमेकांची वाचत नाही असं भासवतात. मूळ जपानी पुस्तकात नवऱ्याच्या नोंदी काताकाना लिपीत आणि बायकोच्या हिरागाना लिपीत छापल्या आहेत. म्हणजे पान उघडल्याबरोबर, एक शब्दही वाचण्याआधी, कोण बोलतंय ते डोळ्यांना कळतं. बाईला तिची स्वतःची लिपी आहे! आता हे पडद्यावर कसं आणणार? कॅमेऱ्याला दोन लिप्या नसतात.

ब्रासने गोष्ट व्हेनिसला आणली. नवरा वयस्क प्राध्यापक, बायको तेरेसा. तो डायरीच्या कप्प्याची चावी तिला सापडेल अशी ठेवतो. ती झोपेत असताना तिचे फोटो काढतो, आणि ते धुवायला मुलीच्या होणाऱ्या नवऱ्याकडे देतो. तुम्हाला गुदमरलं ते इथेच ना? मलाही. फोटो काढताना ती जागी नाही, तिला कोणी विचारलेलं नाही, आणि कॅमेरा – नवऱ्याचाही आणि ब्रासचाही – तिच्यावरून हात फिरावा तसा फिरतो. तिथे तेरेसाची लिपी कुठेच नाही.

पण मग ती स्वतःची डायरी लिहायला घेते. आणि तेरेसा झालेल्या स्तेफानिया सांद्रेल्लीकडे बघा. तेव्हा ती ३७ वर्षांची, जेर्मी, बेर्तोलुची, स्कोला अशा दिग्दर्शकांकडे काम केलेली, नाव असलेली अभिनेत्री. तिचा चेहरा हळूहळू त्या खेळाची सूत्रं हातात घेतो. नवऱ्याने सुरू केलेला खेळ ती त्याच्यापेक्षा बारकाईने खेळू लागते, इतका की तो त्यात संपतो. तुमच्या नवऱ्याला मुक्ती दिसली ती या चेहऱ्यात. ती दिग्दर्शकाने दिली असं मला वाटत नाही. सांद्रेल्लीने ती मिळवली.

पुढच्या चित्रपटांत हे जमत नाही. १९८५चा ‘मिरांदा’ गोल्दोनीच्या अठराव्या शतकातल्या नाटकावर बेतलेला, खाणावळ चालवणाऱ्या खमक्या बाईचा. त्यात निदान गंमत आहे. नंतर नंतर मात्र ब्रास बाईच्या चेहऱ्यापाशी थांबतच नाही. नितंबांचं त्याला वेड होतं आणि ते त्याने कधी लपवलं नाही, उघडपणे मिरवलं. आरसे, जवळून घेतलेले शॉट, पुन्हा आरसे. त्या बायका हसतात, नाचतात, नवऱ्यांना फसवतात, आणि चित्रपट संपला की त्यांचं एकही वाक्य आठवत नाही. तेरेसाचं मात्र मौनही आठवतं. नवऱ्याला एवढं विचारा : तिची डायरी आपण तिच्या तोंडून ऐकतो, पण ती लिहिताना तिच्याकडे कोण पाहत असतं?

प्रश्न : यांचे कोणते चित्रपट पाहावेत, आणि कोणत्या क्रमाने? – एक वाचक

उत्तर : आधी ‘कि लावोरा ए पेर्दुतो’, मग ‘नेरोसुबियांको’, मग ‘ला वाकांझा’. चांगली पुनर्संस्कारित प्रत मिळाली तरच. ‘नेरोसुबियांको’चे रंग फिकट प्रतीत पाहिले तर निम्मा चित्रपट हातातून जातो. त्यानंतर ‘ला कियावे’, शक्य असेल तर तानिझाकी वाचून. ‘कॅलिग्युला’ शेवटी, आणि तोही सुरुवातीची श्रेयनामावली नीट वाचून.